संघमित्रा-ठकू

बारशाला बाळाच्या कानात नाव आत्यानेच सांगायचं असतं, हे चेतन कॉम्प्युटरच्या नोकरीत पार विसरला होता. त्याची थोरली बहीण सत्यशीला विसरली नव्हती.

मुलीचं नाव संघमित्रा ठरलं होतं. सम्राट अशोकाची लेक, बोधिवृक्षाची फांदी घेऊन समुद्रापार गेलेली. समुद्रापार जाण्याला चेतनच्या कंपनीत फार मान होता. सत्यशीलाने दिवंगत आईचं नाव सुचवलं, तेव्हा तो म्हणाला होता, "ताई, ठकू हे काय नाव आहे? लोक हसतील."

ते लोक आज धायरीच्या हॉलमध्ये पहिल्या रांगेत बसले होते, गळ्यातल्या कंपनीच्या ओळखपत्रांसकट.

सत्यशीला पाळण्यावर वाकली, बाळाच्या कानात कुजबुजली आणि तिने माईक घेतला. "संघमित्रा-ठकू."

पहिल्या रांगेतल्या माना वर झाल्या.

"संघमित्रा कोण, ते सगळ्यांना ठाऊक आहे. ठकू आमची आई. हडपसरला यांच्या कंपनीची इमारत उभी राहिली, तेव्हा पार सहाव्या मजल्यापर्यंत तिने डोक्यावरून वाळू नेली. चेतनराव, आपण कितव्या मजल्यावर बसता?"

ही गोष्ट चेतनने ऑफिसात कधी काढली नव्हती. "चौथ्या," तो म्हणाला.

"म्हणजे आई तुमच्यापेक्षा दोन मजले वर होती."

चेतन पाळण्याकडे बघत राहिला. मग उठला आणि त्याने बहिणीच्या हातातून माईक घेतला.

"जन्माच्या दाखल्यावर दोन्ही नावं लागतील," तो म्हणाला. "कुणी हसलंच, तर आधी त्याला मजला विचारायचा."

पहिल्या टाळ्या ओळखपत्रवाल्यांनी वाजवल्या.