सातव्या प्रकरणातला शार्क

अकरा वर्षांपूर्वी मासेमारीची जाळी दुरुस्त करणाऱ्या एका बाईंचं पत्र मला आलं होतं. मी त्याला उत्तर दिलं नाही.

पत्र माझ्या एकुलत्या एक पुस्तकाबद्दल होतं. मुलांसाठी लिहिलेल्या त्या साहसकथेच्या सातव्या प्रकरणात एक शार्क पाणबुड्याला गिळतो. समुद्र मी तेव्हा पाहिला नव्हता, आजही नाही. शार्क उचलला तो समोरच्या थिएटरच्या पोस्टरवरून: उघडा जबडा, करवतीसारखे दात. नुसता राखाडी बरा दिसेना, म्हणून ज्ञानकोशातला एक फोटो बघून अंगावर पांढरे ठिपके दिले. फोटोखालचा मजकूर वाचायचा कंटाळा केला.

असाच ठिपक्यांचा शार्क बाईंच्या भावाच्या जाळ्यात अडकला होता. हा मासा पाण्यातले बारीक जीव गाळून खातो, माणसाच्या वाटेला जात नाही. भाऊ जाळं कापून त्याला सोडवत होता, तेवढ्यात पुस्तकातला गिळणारा तो हाच, असं म्हणत लोक वल्ही घेऊन धावले. मासा मेला. पुढच्या आवृत्तीत एवढं सुधारा, अशी बाईंची विनंती होती.

उत्तर लिहायला कितीदा कागद घेऊन बसलो. पण पुढची आवृत्तीच निघत नव्हती. कशाच्या जोरावर लिहायचं?

गेल्या आठवड्यात प्रकाशकांच्या मुलाचा फोन आला. पुस्तक पुन्हा काढतोय, मुखपृष्ठावर शार्कच. मी सातवं प्रकरण नव्याने लिहिलं आणि स्वतः घेऊन निघालो. एरवी दुकानदाराशी हुज्जत घालायची झाली तरी मी बायकोला पुढे करतो. तिने विचारलं, येऊ का? नको म्हटलं.

मुलाने पानं चाळली. "काका, तुमच्या शार्कने तर कवळी काढून ठेवली. हे कोण विकत घेईल?"

"मग छापू नकोस." मी पुढे म्हणालो, "जुनं प्रकरण छापायला माझी परवानगी नाही."

या वयात तुम्हाला दुसरं कोण विचारतंय, असं तो म्हणाला. ते खरंच होतं. करारावर सही न करताच मी पानं आवरून घरी आलो.

बाईंना लिहिलं: उशिराची लाज वाटते. सुधारणा छापून येणार नाही, कारण पुस्तकच येणार नाही. पण माझ्या हातून त्या माशाची बदनामी पुन्हा होणार नाही. नवं प्रकरण सोबत आहे. चुकलं असेल तिथे बेलाशक खाडाखोड करा.

पुन्हा वाचलं असतं तर फाडलं असतं. म्हणून न वाचताच पाकीट चिकटवलं आणि कोपऱ्यावरच्या पेटीत टाकलं.