डोकं आणि शेपूट

क्वोक बिंगनामनं दाभणांचा जुडगा डुकराच्या कातड्यावर आपटला आणि तो घसरला. भाजलेल्या मांसाच्या दुकानात चाळीस वर्षं हेच काम केलं, तेव्हा हात आपोआप चालायचा. आता भोकं वाकडीतिकडी पडत होती. पोटाकडचा हा दुसरा तुकडा. पहिला कालच वाया गेला होता; त्याचं कातडं फुललंच नाही, नुसतं चिवट झालं. दुकानातल्या उभ्या भट्टीत अख्खी डुकरं लटकवणाऱ्या उस्तादाच्या नाकी घरातल्या ओव्हननं नऊ आणले होते.

समोरच्या मोकबाई उघड्या दारातून डोकावल्या.

"उस्ताद, काल तुमचा धूर आमच्या पडद्यांत शिरला. जेवायला मात्र बोलावणं नाही!"

"खाण्यासारखं नव्हतं, वहिनी."

"म्हणजे? क्वोक उस्तादांचं बिघडलं? खाली बागेत सांगितलं तर बायका मलाच वेड्यात काढतील."

"मग सांगू नका."

"आणि एवढा घाट कुणासाठी?"

"उद्या सुकयी येतेय. टिनलोकच्या थडग्यावर हे न्यायला."

मोकबाईंचं हसू मावळलं. "नीट सुकू द्या हं कातडं," एवढंच म्हणून त्या वळल्या.

बिंगनामनं कातड्याला व्हिनेगर चोळलं, मांसाच्या बाजूला मीठ-मसाला लावला आणि तुकडा उघडाच फ्रीजमध्ये ठेवला. सुकयी त्याची एकुलती एक मुलगी. दर नव्या वर्षाला यायची, संत्री ठेवायची, अंगातला कोट न काढता चहा प्यायची आणि निघायची. बावीस वर्षांत तिनं या घरात घास खाल्ला नव्हता. हिवाळ्यात तिचा नवरा टिनलोक गेला. पितरांना भेटायचा छिंगमिंगचा दिवस जवळ आला तेव्हा बिंगनामनंच फोन केला होता, थडग्यावरच्या नैवेद्याचं मांस मी भाजून देतो म्हणून. ती एवढंच म्हणाली, "दहाला येते."

तिनं इथं खाणं का सोडलं, हे त्याला पक्कं ठाऊक होतं. त्यांच्या रीतीप्रमाणे लग्नानंतर तिसऱ्या दिवशी जावई भाजलेलं अख्खं डुक्कर घेऊन सासुरवाडीला येतो. मुलीकडचे मधला भाग ठेवून घेतात, शेजारीपाजारी वाटतात आणि डोकं नि शेपूट परत पाठवतात. सोयरीक मान्य, असा त्याचा अर्थ. मिनीबस चालवणारा टिनलोक बिंगनामला पहिल्यापासून पसंत नव्हता. त्या दिवशी तो डुक्कर घेऊन दारात उभा राहिला, मोकबाई आणि इतर चारजणी रिकाम्या ताटल्या घेऊन थांबल्या होत्या. बिंगनामनं बोटाच्या पेरानं कातडं वाजवलं. "चिवट आहे," तो म्हणाला, आणि डुक्कर जसंच्या तसं परत पाठवलं. बायका ताटल्या घेऊन निमूट घरी गेल्या.

सकाळी ओव्हनमधल्या कातड्यावर बारीक फोड उठले आणि तडतडू लागले. करपलेलं त्यानं सुरीनं खरवडलं, पेरानं वाजवून पाहिलं. स्वच्छ, कोरडा आवाज आला. हा आवाज त्यानं याच घरात पूर्वी एकदा ऐकला होता. त्याला स्वतःच्या बोटांची लाज वाटली.

सुकयी बरोबर दहाला आली. उभ्याउभ्याच तिनं तुकड्याकडे पाहिलं.

"छान झालंय, बाबा."

"दुसऱ्यांदा जमलं. घरी अवघड आहे हे."

"मला विचारा." ती किंचित हसली. "तुम्ही परत पाठवलेलं ते त्यानंच भाजलं होतं. त्यांच्या गावातल्या अंगणात, तेलाच्या पिंपात. दुकानातून आणू या म्हटलं तर म्हणाला, सासरे उस्ताद आहेत, आपल्या हातचं द्यायचं. आधीची दोन जळाली."

"हातचं आहे हे कळलं होतं मला. भोकं वाकडी होती."

"नंतर दर वर्षी लग्नाच्या तारखेला एक तुकडा भाजायचा. कातडं खायचा नि म्हणायचा, अजून नाही, तुझे बाबा हेही परत पाठवतील. हॉस्पिटलमध्येसुद्धा विचारत होता, तेव्हा माझं काय चुकलं असेल गं?" तिनं आता सरळ बापाकडे पाहिलं. "तुम्हाला विचारायची हिंमत नाही झाली त्याची. मीच विचारते. काय चुकलं होतं? आज तिथे गेल्यावर सांगेन त्याला."

बिंगनाम ओट्याकडे वळला. त्यानं सुरा उचलला आणि तुकड्याची दोन्ही टोकं कापली.

"बाबा! कापताय काय? थडग्यावर अख्खं न्यायचं असतं!"

दोन्ही टोकं त्यानं डब्यात शेजारीशेजारी ठेवली आणि मधला भाग ओट्यावर स्वतःकडे ओढून घेतला. सुकयी डब्याकडे पाहत राहिली, मग ओट्याकडे.

"काही चुकलं नव्हतं," तो म्हणाला. "कातडं उत्तम होतं. मी खोटं बोललो."

खालच्या रस्त्यावर बस थांबली आणि निघून गेली, तरी सुकयी तशीच उभी होती. शेवटी तिनं डब्याचं झाकण लावलं.

"मला का सांगताय? तो असताना सांगायचं होतं."

"हो."

ती डबा घेऊन गेली. दार तिनं आपटलं नाही. तिनं आपटलं असतं तर त्याला जरा बरं वाटलं असतं.

बिंगनामनं मधल्या भागाचे तुकडे केले, पाच ताटल्यांत मांडले. पहिली ताटली घेऊन त्यानं समोरचं दार वाजवलं. मोकबाईंनी एप्रनला हात पुसत दार उघडलं.

"अगोबाई, उस्ताद! हे कसलं?"

"घ्या, वहिनी," बिंगनाम म्हणाला. "जावयाकडून आलंय."

मोकबाईंनी एकदा त्याच्याकडे पाहिलं आणि ताटली दोन्ही हातांनी घेतली.