कस्तुराबाईची हजेरी

पाच किलोमीटर, अठ्ठावीस मिनिटं. वाशीमच्या मैदानावर पुंजाजीनं रेषा ओलांडली आणि तो मातीतच बसला. लेकराच्या वयाची पोरं टाळ्या वाजवत होती. सेहेचाळिसाव्या वर्षी वनरक्षकाच्या भरतीत धावणं म्हणजे काही खायचं काम नाही.

हे खूळ ज्योत्स्नाचं. लेक मोबाइलवर जपानी कार्टून बघायची. त्यात राक्षसांची मढी उचलणारा एक थोराड सफाईवाला राक्षसांशी लढणाऱ्या पलटणीत भरती होतो. "बाबा, हा तुमीच हाय," ती म्हणाली होती. पुंजाजीनं थोडा वेळ पाहून विचारलं, "याले घरचे काई म्हनत नाही का?"

पण पोरीचं खोटं नव्हतं. चौदा वर्षं तो वनखात्यात रोजंदारीवर होता. विहिरीत बिबट्या पडला की दोरानं बाज खाली सोडायची, अडलं तर स्वतः उतरायचं, हे काम त्याचं. फोटोत मात्र वर्दीवाले. रोजंदारीवाल्यांना वयाची सूट होती. एकदा वर्दी चढली की आपणही फोटोत येऊ, एवढीच त्याची हाव.

कागदपत्रांच्या टेबलावर क्लार्कनं पुंजाजीच्या वननाक्यावरून आलेलं बंद पाकीट फोडलं. आतला रोजंदारीचा दाखला दोनदा वाचला.

"कस्तुराबाई कोन?"

"माही बायको."

"चौदा वर्षं त्यायचीच हजेरी हाय. तुमचं नाव कुठंच नाही, मंग वयाची सूट कशी भेटन?"

पुंजाजीला सगळं आठवलं. तो आधी विहिरी खोदायचा. बोटांच्या रेषा पार झिजलेल्या, मशीन अंगठा घेईना. तेव्हाच्या वनरक्षकानं हजेरीत बायकोचं नाव लिहिलं. नाव कोणाचंही असो, घर तर एकच, असं त्यालाही वाटलं होतं. कस्तुराबाई दाखवतील तिथं अंगठा देऊन यायची. बिबट्या तिनं आयुष्यात पाहिला नव्हता.

क्लार्क माणूस वाईट नव्हता. "काका, धावले चांगले," तो म्हणाला, "पन फॉर्म काकूनं भराले पायजे होता." मागची पोरं हसली. पुंजाजीही हसला. मग त्याला संताप आला, आणि तो काढावा कोणावर ते कळेना. वनरक्षकाची कधीच बदली झाली होती, आणि हो म्हणणारा तो स्वतःच होता.

एसटीत त्यानं ठरवलं, घरी खरं सांगायचं. पण दारात दोघी उभ्या होत्या, आणि कस्तुराबाई नवं लुगडं नेसली होती. खरं कळलं तर ही जन्मभर स्वतःलाच खाईल.

"दम पुरला नाही," तो म्हणाला.

ज्योत्स्ना आत गेली.

"मी म्हनलं होतं ना," कस्तुराबाई म्हणाली, "वय झालं आता तुमचं. पोराइसंगं कायले पयता?"

पुंजाजीनं मान हलवली. म्हातारा ठरणं सोसण्यासारखं होतं. तिनं ताट वाढलं, आणि तो खाली मान घालून जेवू लागला.