बारितोची हाक

गळ्याचं ऑपरेशन करून सगोया अरबा मिंच शहरातून परतला, तेव्हा आमच्या आळीने त्याच्यासाठी ज्वारीची दारू केली होती. गळ्यावरची गाठ गेली होती. आवाजही परत आला होता, काही अक्षरं मात्र आली नव्हती. आम्हा कोन्सो लोकांच्या बोलीत ब आणि ड बाहेर फेकत नाहीत, कंठ खाली ओढून श्वास आत गिळत म्हणतात. सगोयाचा कंठ आता खाली उतरेना. ब म्हणायला गेला की प व्हायचा, ड म्हणायला गेला की ट.

त्याच्या बायकोचं नाव बारितो. घरात शिरल्या शिरल्या तो म्हणाला, "पारितो, पाणी दे."

"ही कोण बाई पारितो?" बारितो कमरेवर हात ठेवून म्हणाली. "इस्पितळात दुसरी करून आलात वाटतं!"

आम्ही शेजारणी पोट धरून हसलो. सगोयाही हसला. पण त्यानंतर त्याने तिला नावाने हाक मारणं सोडलं. काही हवं असलं की भिंतीवर टकटक करायचा.

गावात कुणी गेलं की टेकाडावरच्या खडकावर उभं राहून मेलेल्याचं नाव पुकारायचं, हे सगोयाचं काम. नुसतं नाव, आणि 'गेली' किंवा 'गेला'. तशी रीत. खाली डोंगरउतारावर दगडी बांध रचून केलेल्या तालींवर काम करणारे ते ऐकून वर यायचे, आणि माती त्याच दिवशी व्हायची.

ज्वारी खुरपायच्या दिवसांत बारितोला ताप आला आणि एका सकाळी ती गेली.

"पुकारायला दुसऱ्या कुणाला सांगते," मी म्हणाले.

"माझी बायको आहे," सगोया म्हणाला. "मीच पुकारणार."

मी तिला आंघोळ घालत होते. वरून त्याचा आवाज आला, "पारितो गेली! पारितो गेली!" माझा हात जागीच थांबला.

खालच्या आळीत खरंच एक पारितो होती. तिचा मुलगा कैरेन्तो गुडघे फोडून घेत, रडत शेतातून धावत आला, तर म्हातारी जात्यापाशी बसलेली.

"अरे मेल्या, मी गेले तर हे दळतंय कोण?" ती म्हणाली. मग तिच्या ध्यानात आलं, आणि ती तोंडावर पदर घेऊन आमच्या अंगणात आली. कैरेन्तो खडकावर चढला आणि त्याने खरं नाव पुकारलं.

तोवर बारितोचा भाऊ उर्माले टेकडीपलीकडे, हाक पोचत नाही अशा रानात उतरला होता. तो दिवस मावळताना आला. खड्डा बुजून झाला होता.

"दाजी, ऐकलं होतं मी," तो मातीपाशी बसून म्हणाला. "मनात म्हटलं, बिचारी पारितो. आणि गेलो आपल्या कामाला."

सगोयाने तोंड उघडलं. ओठ मिटले, कंठ हलला, आणि तो थांबला.

"म्हणा, दाजी. जमेल तसं म्हणा. आता तिला थोडीच चूक काढायचीय?"

सगोया वाकून मातीवरचे खडे वेचू लागला.

पुकारण्याचं काम आता कैरेन्तो करतो. पावसात ढासळलेली ताल उर्माले आणि सगोया मिळून रचत असतात. उर्माले बहिणीच्या लहानपणीच्या गोष्टी सांगतो. सगोया दगड हातात धरून ऐकतो आणि गोष्ट संपली की बसवतो.