वॅटी प्रोव्हनची न धुतलेली पाठ

मी एक जुना पत्र्याचा टब आहे. सध्या माझ्या बुडाला भोक पडलं असून पोटात बटाटे लावले आहेत. हसू नका मित्रांनो. एके काळी ग्लासगोच्या मोठ्या क्लबाचा फुटबॉलपटू माझ्यात बसत असे. तोही बटाट्यांइतकंच बोलायचा.

मला घडवणाऱ्या कारागिराने माप कुणाचं घेतलं होतं, देव जाणे. मोठा माणूस माझ्यात बसला की त्याचे गुडघे बाहेरच राहत. बर्नरिग गावच्या कोळसाखाणीत काम करणाऱ्या आर्ची प्रोव्हनने मला घरी आणलं आणि चुलीसमोर जागा दिली. दुपारी पाळी सुटली की आर्ची आणि त्याचा मुलगा वॅटी काळेकुट्ट होऊन येत. आर्चीची बायको जेसी किटल्यांवर किटल्या ओतून त्यांना पुन्हा ओळखू येण्याजोगं करी. फक्त पाठ सोडून. पाठ धुतली की कणा ढिला पडतो, अशी खाणवाल्यांची पक्की समजूत होती. त्यामुळे आमच्या गावातला कोणताही पुरुष पुढून चर्चला निघालेला दिसे आणि मागून खाणीत.

वॅटी शनिवारी गावच्या संघात डाव्या बाजूने खेळायचा. चेंडू त्याच्या पायात मांजरासारखा घोटाळायचा. एकदा ग्लासगोचे एक टोपीवाले गृहस्थ आले, अर्धा सामना पाहिला, जेसीच्या हातचं सूप दोनदा मागून घेतलं आणि वॅटीला क्लबात घेऊन गेले. रोज सकाळच्या गाडीने तो जाऊ लागला. आर्ची तर खाणीत शिरतानाही वर बघून चालू लागला आणि डोकं आपटून घेऊ लागला.

त्या क्लबात म्हणे अख्खा संघ एकदम बसेल एवढा फरशीचा हौद होता. ऐकून मला वाईट वाटलं. तिथे वॅटीची काळी पाठ सोबत्यांनी पाहिली. ‘याच्या पाठीवर कोळसा पिकतो का रे?’ असं म्हणत चौघांनी त्याला धरला आणि जमीन घासायच्या ब्रशाने लख्ख केला.

पुढच्याच महिन्यात वॅटीचा खेळ बसला. चेंडू त्याच्या बाजूने निघून जाई आणि तो बघत राही. आर्चीने गुत्त्यात बसून निकाल दिला, “पाठ धुतली. आता काय उरलं?” सगळ्या गावाला ते पटलं. शेजारणी जेसीला काळजीने विचारत, वॅटीच्या पाठीवर मळ जरा धरतोय का?

मित्रांनो, खरं काय ते मला माहीत होतं. एका चिखलातल्या सामन्यात कुणाची तरी लाथ बसून वॅटीचा उजवा गुडघा सलगमासारखा सुजला होता. सगळे बाहेर गेल्यावर तो माझ्यात बसे आणि गरम पाण्यात भिजवलेल्या फडक्याने गुडघा शेकत राही. बोलला मात्र कुणालाच नाही. वसंत आला तसा क्लबाने त्याला निरोप दिला. एक हिवाळा, एवढीच त्याची कारकीर्द.

आता सोमवारी तो पुन्हा खाणीत उतरणार होता. तिथला कोळशाचा थर टेबलाएवढा उंच. दिवसभर गुडघ्यांवर बसून खणायचं. वरचं छप्पर कडकडलं तर चटकन मागे सरकायचं. ज्याला सरकता येत नाही तो बाहेर येत नाही, त्याला आणावं लागतं. गुडघा गेल्याचं कबूल केलं, तर खाणीबाहेर, वर पोरींबरोबर कोळशातले दगड निवडायचं काम मिळालं असतं. पण ज्याच्या नावाचा अख्ख्या गावाने जयघोष केला होता, त्याने दगड कसे निवडायचे? म्हणून वॅटी गप्प.

शनिवारी जेसीने पाणी ओतलं. पहिलं पाणी बापाचं, हा त्या घरातला कायदा. आर्ची मात्र बूटसुद्धा न काढता उभा राहिला.

“वॅट्या, आधी तू बस.”

“तुमचं पाणी आहे, बाबा.”

“बस म्हणतो ना. गरम आहे तोवर गुडघा शेकून घे.”

जेसीच्या हातातली किटली तशीच राहिली. वॅटीने हळूच विचारलं, कधीपासून माहीत आहे?

“पोरा, माझी सगळी जिंदगी गुडघ्यांवर गेली. तू दारातून आत येतोस तेव्हा मला पावलावरून कळतं.”

“मग पाठीचं काय सांगत सुटला होतात?”

“लोकांना काहीतरी सांगायला हवंच होतं. पाठीचं कुणालाही पटतं. म्हटलं, तू तोंड उघडेपर्यंत तेच चालू दे. पण आता सोमवार आलाय, राजा. तुला खाली पाठवलं आणि तू परत आलाच नाहीस, तर मी घरी पाणी तापत ठेवायला सांगू कुणासाठी?”

वॅटी माझ्यात बसला. त्या दिवशी माझ्यात पाणी ओतलेलं किती आणि आपोआप आलेलं किती, ते मी पाहिलं नाही. आर्ची भिंतीकडे तोंड करून बुटाची नाडी सोडत होता. ती बराच वेळ सुटेना.

सोमवारी वॅटी दगड निवडायला गेला. तिथल्या एफी लॉकहार्टने पहिल्याच दिवशी हाक दिली, “बायांनो, याचे पाय बांधा गं, नाहीतर दगड ग्लासगोला पोचतील.” कित्येक महिन्यांनी वॅटी हसला. पुढे एफीच या घरात सून म्हणून आली आणि तिची चार पोरं माझ्यात लहानाची मोठी झाली.

मित्रांनो, माझ्यासारख्या टबाला पोचा आला तर तो सगळ्यांना दिसतो, कुणीतरी ठोकून सरळ करतं. तुमचं तसं नाही. म्हणून कुठे दुखत असेल तर घरच्यांपासून लपवू नका. पाणी गरम आहे तोवर सांगून टाका.