महांतेशच्या फोटोखालचा पिंजरा

“पुन्यांदा पाणी बदलायलीस? मला प्यायला सकाळचं चालतंय, आन् पाखराला घडीघडी ताजं!” गुरुबाई सुनेच्या कानाशीच पुटपुटली.

दानेश्वरीनं वाटी घासली, उकळून गार केलेलं पाणी ओतलं, पिंजऱ्यातला कागद बदलला आणि जुन्या कागदावरची विष्ठा निरखून पाहिली. पातळ नव्हती. राळ्याचे दाणेही कोरडे होते. माणसाच्या हातात जेवढं असतं तेवढं सगळं नीट होतं. तरी पिवळी अंग फुगवून बसलेली, आणि दर श्वासाला तिची शेपटी खालवर हलत होती.

हे लव्हबर्ड तिच्या नवऱ्याचे, महांतेशचे. मन्नाएखेळ्ळीत हायवेला त्याचं पंक्चरचं दुकान होतं. टायर काढता काढता तो पाखरांशी शीळ घालून बोलायचा. बायकोशी बोलायला शब्द जड व्हायचे, शिळेला मात्र तोटा नव्हता. मागच्या उन्हाळ्यात दुकानासमोरच ट्रकनं त्याला उडवलं. पिंजरा घरी आला, तो गुरुबाईनं लेकाच्या फोटोखाली टांगायला लावला. “त्याला ऐकू येऊ दे,” म्हणाली. तेव्हा पिंजऱ्यात किलबिलाट मावत नव्हता. मग एकेक करून पाखरं मेली; आता एकटी पिवळी उरली होती.

कलबुर्गीच्या डॉक्टरनं फोनवर विचारलं होतं, “पिंजऱ्याजवळ धूर होतो का? पाखरांना धूर सोसत नाही.” दानेश्वरी पटकन ‘न्हाई’ म्हणून गेली; घरात गॅस होता. मग दिवेलागणीला सासू निखाऱ्यावर ऊद टाकून फोटोपुढं उभी राहिली. धूर पिंजऱ्यातून वाट काढत फोटोकडं चढला, आणि दानेश्वरीला डॉक्टरचा प्रश्न आठवला.

तिनं ते फक्त सासऱ्याला, काशप्पाला सांगितलं. तेव्हापासून उदाच्या वेळी काशप्पा न चुकता उठून खिडकी उघडायचा. “लई उकडायलंय,” म्हणायचा. थंडी पडली तरी त्याला उकडतच होतं.

पण लेकासाठी करायला म्हातारीकडं त्या उदाशिवाय उरलं काय होतं? तेवढंही कोणत्या तोंडानं काढून घ्यायचं?

दानेश्वरीनं एकदा पिंजरा ओसरीत नेऊन पाहिला. गुरुबाईनं तो परत आणला. “तिकडं मांजर येतंय.”

“मांजर कवाच गेलंय की गं,” काशप्पा म्हणाला.

“यील की. मांजरं येत्यात परत.”



आज संध्याकाळी गुरुबाई ऊद घेऊन आली तेव्हा पिवळी दांडीवरून उतरून खाली बसली होती, चोच उघडी टाकून. दानेश्वरीनं घाईनं वाटी काढली.

“आता बदललंस की पाणी.”

“कचरा पडलाय, अत्याबाई.”

काशप्पा खिडकीकडं निघाला. “लई उकडा...”

“बसा गप. स्वेटर घालून उकडतंय व्हय?”

तो जागच्या जागी थबकला. गुरुबाई हातातल्या धुराकडं बघत राहिली. मग फोटोकडं. मग वाकून, कितीतरी वेळ, पिंजऱ्यातल्या त्या हलत्या शेपटीकडं.

“ठेव ती वाटी, दानू,” ती म्हणाली. “पाण्यानं न्हाई मेली माझ्या लेकाची पाखरं. माझ्या उदानं मेली.”