जोएलचा पहिला दात

शनिवारी संध्याकाळी कोल्हारजवळच्या छोट्या चर्चमध्ये बनुबाई कन्फेशनला जाळीपलीकडे गुडघे टेकून बसल्या, तेव्हा फादर अगस्तीन अगदी निवांत होते. बनुबाईंची पापं त्यांना पाठ होती. शेजारणीची चुगली, नाहीतर रोजरीची माळ जपताना लागलेली डुलकी.

"फादर, मी सुनंशी खोटं बोलते."

"कशाबद्दल?"

"मोनिका दवाखान्यात ड्यूटीला जाती. मागं नातू पालथा पडला, जोएल, माज्यासमोर. मी गप्प. संध्याकाळी तिच्यासमोर परत पडला, तवा म्हनले, अगं बघ, पैल्यांदाच. लई रडली पोरगी, खुशीनं."

फादरनी हसू खोकल्यात घातलं. "पश्चात्ताप होतो ना?"

"न्हाई."

"पुन्हा करणार नाही, असं तरी..."

"आता दात यायचा हाय. तवाबी खोटं बोलनार."

इथे गाडी अडली. पश्चात्तापाशिवाय क्षमा नाही, हे सेमिनरीत, फादर होण्याच्या शिक्षणात, घोकून घेतलेलं. आणि क्षमा नाही तर उद्या सगळे ख्रिस्तप्रसादाला उठतील, बनुबाई बाकावरच राहतील आणि मोनिका विचारेल, का हो आई? 'होतो पश्चात्ताप' म्हणून बाई मोकळी झाली असती. पण देवासमोर खोटं बोलायचं नव्हतं तिला.

"मग सांगता कशाला?"

"तो पालथा पडला तवा मी एकलीच हसत बसले, फादर. तिच्या वाटचं मी आदी खाल्लं. त्ये टोचतं."

फादरना हायसं वाटलं. टोचणीला क्षमा देता येते.

"मग प्रायश्चित्त ऐका. जोएलच्या तोंडात बोट घालून बघायचं नाही. दात मोनिकालाच सापडू दे."

"यापरिस रोजरीच्या पन्नास माळा सांगा की."

"बोट नाही."

"बरं," बनुबाई कष्टानं म्हणाल्या. फादरनी क्षमा दिली. पुढे कितीतरी दिवस, जेवता जेवता त्यांचा घास थांबायचा. आपण पळवाट तर नाही ना काढली?

महिन्याभरानं, रविवारची मिस्सा सुटल्यावर, मोनिका जोएलला कडेवर घेऊन धावत आली.

"फादर, दात आला याला. मलाच सापडला. आणि आमच्या आईंचं काय बिनसलंय बघा, याला भरवताना तोंड फिरवून बसतात. निम्मी खीर कानात जाते."

मागे बनुबाई पदराच्या टोकाशी चाळा करत उभ्या होत्या.

"असं का करतात बुवा?" फादर म्हणाले, आणि जमेल तेवढा भोळा चेहरा केला.